२७ तास आणि नंतरची ४० वर्षं : हेन्री बॉक्स ब्राउन नावाचा रंगकर्मी

विंगेतून

अमेरिकेतल्या गुलामगिरीबद्दल थोडंफार वाचलेल्या माणसाला खोक्यात बसून पळालेला माणूस ऐकून माहीत असतो. २३ मार्च १८४९ रोजी व्हर्जिनियातल्या रिचमंडमध्ये हेन्री ब्राउनने स्वतःला लाकडी खोक्यात बंद करवून घेतलं आणि २७ तासांनी तो फिलाडेल्फियात, गुलामगिरीविरोधी संस्थेच्या कचेरीत जिवंत बाहेर आला. गोष्ट सांगणारे इथेच थांबतात. पण हाच माणूस १८८९ पर्यंत रंगमंचावर उभा होता. म्हणजे २७ तासांच्या मागे जवळपास ४० वर्षांची कारकीर्द झाकली गेली आहे. हा चर्चेचा धागा त्या कारकिर्दीसाठी आहे.

थोडक्यात पार्श्वभूमी. जन्म १८१५ च्या सुमारास, व्हर्जिनियातल्या लुइसा काउंटीत. तरुणपणी रिचमंडला तंबाखूच्या कारखान्यात कामाला. तिथल्या फर्स्ट आफ्रिकन बॅप्टिस्ट चर्चच्या गायकवृंदात तो गायचा. पुढच्या सगळ्या कारकिर्दीचं भांडवल हा आवाजच होता, म्हणून हे लक्षात ठेवा. ऑगस्ट १८४८ मध्ये त्याची गरोदर बायको नॅन्सी आणि मुलं विकली गेली, त्यांना नॉर्थ कॅरोलायनाला नेण्यात आलं. त्यानंतर त्याने पळायचं ठरवलं. साठवलेल्या १६६ डॉलरपैकी ८६ डॉलर त्याने सॅम्युअल स्मिथ या गोऱ्या दुकानदाराला दिले. कामावरून सुटी मिळावी म्हणून गंधकाम्लाने स्वतःचा हात भाजून घेतला. जेम्स सीझर अँथनी स्मिथ हा चर्चमधला मित्र दुसरा मदतनीस.

फिलाडेल्फियात झाकण उघडल्यावर त्याने जमलेल्या मंडळींना नमस्कार-चमत्कार केला आणि चाळिसावं स्तोत्र गायलं. हे ठरवूनच आला होता तो. मरणाच्या दारातून बाहेर पडताना पहिल्या मिनिटाला काय म्हणायचं, कुठल्या सुरात म्हणायचं, हे ज्याच्या डोक्यात तयार असतं तो माणूस रंगमंचाचाच. मे १८४९ मध्ये बोस्टनच्या अधिवेशनात तो लोकांसमोर उभा राहिला आणि ‘बॉक्स’ हे मधलं नाव त्याने कायमचं लावून घेतलं. सुटकेवर त्याने स्वतः रचलेलं गाणं स्टीफन फॉस्टर या गीतकाराच्या एका लोकप्रिय मिन्स्ट्रेल चालीवर होतं. तोंडाला काळं फासून कृष्णवर्णीयांची टवाळी करणाऱ्या खेळांतली ती चाल. ती उचलून त्याने आपल्या सुटकेचे शब्द तिच्यावर बसवले आणि गाण्याचे छापील कागद विकले.

११ एप्रिल १८५० रोजी बोस्टनच्या वॉशिंग्टोनियन हॉलमध्ये त्याचा ‘मिरर ऑफ स्लेव्हरी’ हा फिरता पॅनोरमा, म्हणजे रुळांवरून सरकत जाणारं लांबच लांब चित्र, लागला. जोसाया वॉल्कॉट हा प्रमुख चित्रकार. आफ्रिकेतल्या मुक्त कुटुंबापासून गुलामांचा व्यापार, लिलाव, छळ, पलायनं आणि शेवटी सार्वत्रिक मुक्ती असा चाळीसहून अधिक दृश्यांचा क्रम होता. त्यात ब्राउनची स्वतःची सुटका होती आणि गुलामीतून पळालेल्या एलन क्राफ्ट या स्त्रीचीही. ३० ऑगस्ट १८५० ला प्रॉव्हिडन्समध्ये त्याच्यावर हल्ला झाला, १८ सप्टेंबरला पळालेल्या गुलामांना धरून परत पाठवण्याचा नवा कायदा आला आणि ऑक्टोबरात तो पॅनोरमासकट लिव्हरपूलच्या बोटीत बसला. पुढची २५ वर्षं ब्रिटन. १८७५ मध्ये बायको जेन आणि मुलगी ॲनी यांच्यासह अमेरिकेला परत, तिथून कॅनडा. फेब्रुवारी १८८९ मध्ये ऑन्टॅरिओतल्या ब्रँटफर्डला सहकुटुंब केलेला प्रयोग हा आज माहीत असलेला शेवटचा. मृत्यू टोरांटोत, १५ जून १८९७.

त्याचा मृत्यू कुठे नि कधी झाला हे अभ्यासकांनाही अगदी अलीकडेपर्यंत ठाऊक नव्हतं. जाणकारांनी भर घालावी.

सुतारपक्षी

खोक्याबद्दल लिहितो, कारण मापं निरनिराळी छापली जातात आणि लोक त्यावर अडतात.

जानेवारी १८५० मध्ये बोस्टनला सॅम्युअल राउसने काढलेलं शिळाछाप चित्र आलं. ब्राउन खोक्यातून वर येतोय ते. त्याच्या मथळ्यात ३ फूट लांब, अडीच फूट खोल, २ फूट रुंद असं माप आहे. फिलाडेल्फियाच्या कचेरीत हजर असलेल्या विल्यम स्टिलने १८७२ मध्ये छापलेल्या नोंदीत खोली २ फूट ८ इंच आहे. फरक दोन इंचांचा. आतून मोजलं की बाहेरून, एवढ्यानेही तो पडू शकतो. दोन्ही बाजूंना पाऊण-एक इंचाची फळी धरली की हिशेब जवळपास जमतो. म्हणून प्रतिकृती करणाऱ्याने माप देताना आतलं की बाहेरचं हे लिहावंच.

आता श्वासाचा हिशेब. ३ × २.५ × २ म्हणजे १५ घनफूट, सुमारे ४२५ लिटर. ब्राउन साधारण २०० पौंडांचा, म्हणजे ९० किलोचा; त्याचं शरीरच ९० लिटर जागा खातं. उरली ३३५ लिटर हवा. स्वस्थ बसलेला माणूस मिनिटाला साधारण ०.२ लिटर कार्बन डायऑक्साइड सोडतो. खोकं हवाबंद असतं तर ८०-८५ मिनिटांत त्याचं प्रमाण ५ टक्क्यांवर गेलं असतं: डोकं ठणकणं, धाप, घाबरगुंडी. आणि प्रवास २७ तासांचा. ते प्रमाण ३ टक्क्यांच्या आत ठेवायचं तर मिनिटाला साडेसहा-सात लिटर ताजी हवा आत यायला हवी. गिरमिटाने पाडलेल्या बारीक भोकांतून एवढी हवा सहज येत नाही, विशेषतः भोकांची बाजू दुसऱ्या सामानाला टेकली तर. मोठा वाटा फळ्यांच्या सांध्यांचा. मालाचं खोकं होतं म्हणून तो वाचला. चांगल्या सुताराने खाचा मारून, सरस लावून घट्ट केलेली पेटी असती तर वाचला नसता. त्याने आत गिरमिट घेतलं होतं ते गरज पडल्यास आणखी भोकं पाडायला.

आत जाड लोकरी कापडाचं अस्तर, थोडं पाणी, मोजकी बिस्किटं. वरून खिळे आणि हिकरी लाकडाच्या पाच पट्ट्या. ‘ही बाजू वर ठेवा’ असं लिहिलेलं असूनही हमालांनी ते अनेकदा उलटं ठेवलं. पोटोमॅकवरच्या आगबोटीत तो दीड तासाच्या आसपास डोकं खाली पाय वर अशा अवस्थेत होता. डोळे बाहेर येतील असं वाटत असताना दोन माणसांनी बसायला जागा हवी म्हणून खोकं आडवं केलं.

दर्यावर्दी

वाटेत आगबोट कुठून आली? रिचमंड ते फिलाडेल्फिया सरळ रेल्वे नव्हती का?

सुतारपक्षी

नव्हती. रिचमंडहून रेल्वे अक्विया क्रीकपर्यंत, तिथून पोटोमॅकने आगबोट वॉशिंग्टनला, मग रेल्वेने बाल्टिमोर आणि पुढे. हॅव्हर दि ग्रेसजवळ सस्क्वेहाना नदीवर तेव्हा पूल नव्हता, तिथे फेरीबोट. दोन्ही टोकांना घोडागाड्या. प्रत्येक बदलाला खोकं उचललं, टाकलं, रचलं गेलं. वॉशिंग्टनच्या स्थानकावर गाडीतून फेकलं तेव्हा मान मोडल्यासारखा आवाज त्याने ऐकला, असं त्याच्या आत्मकथनात आहे. खरा धोका गाडी चालू असताना कमी आणि अशा चढ-उतारांत जास्त होता.

पडदेवाला

फिरत्या पॅनोरमाचं काम कसं चालतं ते सविस्तर लिहितो. ब्राउनचा मूळ पॅनोरमा आज शिल्लक नाही, पण ही यंत्रणा तेव्हा सर्रास होती आणि तिचे गुणदोष सगळीकडे सारखेच.

दोन उभे रूळ, त्यांच्यामध्ये ताणलेलं सलग कापड. एका रुळावरून सुटतं, दुसऱ्यावर गुंडाळतं. पुढे चौकट, म्हणजे रूळ दिसत नाहीत. गॅसचे दिवे वरून आणि खालून. बाजूला निवेदक हातात छडी घेऊन, शेजारी पियानो किंवा दोन-तीन वादक. एक माणूस आत दांडा फिरवतो.

पहिली अडचण कापड झोळण्याची. आठ-दहा फूट उंच कापड फक्त दोन टोकांना धरलं तर मधे पोट येतं आणि वरची कड लोंबते. उपाय असा की वरच्या कडेत दोरी शिवायची आणि ती खाचेच्या कप्प्यांवरून सरकवायची. मिसिसिपी नदीचा प्रचंड पॅनोरमा काढणाऱ्या जॉन बॅनव्हर्डने अशीच व्यवस्था केली होती आणि १८४८ मध्ये तिचा आराखडा छापून आला होता. कप्प्यांना तेल जास्त झालं तर ते कापडावर ओघळतं, कमी झालं तर कप्पी किंचाळते आणि निवेदकाचं बोलणं बुडतं.

दुसरी अडचण रंगाची. तैलरंग गुंडाळल्यावर चिकटतो, जुना झाला की तडकतो, शिवाय वजन वाढवतो. म्हणून सरसात कालवलेला रंग. कोरडा सरस एक भाग, पाणी पंधरा-सोळा भाग. रात्रभर भिजवायचा, दुसऱ्या दिवशी गरम पाण्यात भांडं ठेवून विरघळवायचा. थेट आचेवर उकळला की त्याची पकड जाते. सरस कमी पडला तर सुकलेला रंग बोटाला येतो; जास्त झाला तर घडी पडली की पापुद्रे सुटतात. आपल्याकडच्या नाटक कंपन्यांचे रंगवलेले पडदेही याच पद्धतीचे, त्यामुळे पडदे रंगवणाऱ्यांना यात नवं काही वाटणार नाही. मात्र तो पडदा प्रयोगात दोन-चार वेळा गुंडाळला जातो. पॅनोरमा रोज पूर्ण लांबीभर दोनदा गुंडाळला जातो, एकदा खेळात आणि एकदा उलटा मागे. त्यामुळे सरस नेहमीपेक्षा थोडा हलकाच हवा.

तिसरी गोष्ट वेगाची, आणि हीच सगळ्यांच्या नजरेतून सुटते. समजा ३०० मीटर कापड, रंगासह अर्धा मिलिमीटर जाडी, रुळाची त्रिज्या १० सेंटीमीटर. रिकाम्या रुळाच्या एका फेऱ्याला ६३ सेंटीमीटर चित्र सरकतं. सगळं गुंडाळलं गेल्यावर त्रिज्या सुमारे २४ सेंटीमीटर होते आणि एका फेऱ्याला दीड मीटर चित्र पळतं. दांडा एकाच लयीत फिरवला तर शेवटची दृश्यं पहिल्यांच्या अडीचपट वेगाने जातील. ब्राउनच्या खेळात शेवटी मुक्तीची दृश्यं होती. ती अशी धावून गेली तर सगळा परिणाम गेला. म्हणून दांड्यावरचा माणूस कुशल लागतो, निवेदकाच्या वाक्यावर कान ठेवणारा. याच लांबीला अडीच मीटर उंची धरली तर रंगवलेल्या कापडाचं वजन ३०० किलोच्या घरात जातं. हे दर दोन दिवसांनी नव्या गावी, नव्या सभागृहात, जिन्यांवरून चढवायचं. ब्राउनचा धंदा किती अंगमेहनतीचा होता हे या आकड्यांतून कळतं.

अरुंधती_क

पडदेवाला, फार उपयुक्त प्रतिसाद. आपल्याकडच्या दोन गोष्टी काळाच्या नोंदीसाठी. पिंगुळीचे चित्रकथी चित्रांची पोथी समोर धरून, एकेक पान बदलत, गात-सांगत कथा नेतात. चित्र आणि निवेदक यांचं नातं तिथेही हेच आहे. आणि कल्याणच्या महादेव पटवर्धनांची शांबरिक खरोलिका (काचेवरची चित्रं दिव्याने पडद्यावर दाखवण्याचा खेळ) १८९२ ची, म्हणजे ब्राउनच्या शेवटच्या ज्ञात प्रयोगानंतर तीनच वर्षांनी. सांगलीला भाव्यांचं सीतास्वयंवर १८४३ चं. ब्राउनची अख्खी कारकीर्द या दोहोंच्या मधे बसते.

दस्तऐवज

विस्मरणात गेलेला कलाकार कागदांतून कसा शोधायचा, याची पद्धत लिहितो. ब्राउन हे चांगलं उदाहरण आहे, कारण हेन्री ब्राउन हे नाव इंग्लंडात हजारोंनी सापडतं.

सुरुवात नावापासून करू नका, ‘बॉक्स ब्राउन’ या जोडीपासून करा. डिजिटल वृत्तपत्रसंग्रहांत हे दोन शब्द अवतरणचिन्हांत टाकले तरी भरपूर कचरा येतो. नाट्यगृहाच्या जाहिरातीत बॉक्सचे, म्हणजे खास आसनकक्षांचे, दर आणि लगेच ब्राउन आडनावाचा नट, अशा ओळी यंत्र एकत्र वाचतं. शिवाय जुन्या छपाईत शाई पसरल्यामुळे ‘बॉक्स’चं शेवटचं अक्षर यंत्राला भलतंच दिसतं आणि खरी जाहिरात निकालात येतच नाही. म्हणून दुसरा फेरा नाव वगळून करायचा: पॅनोरमा, गुलामगिरी, गावाचं नाव, सभागृहाचं नाव आणि दोन-तीन आठवड्यांची मुदत. तिसरा फेरा उपाध्यांचा. १८६० नंतर तो ‘प्रोफेसर’ होतो, आफ्रिकी राजपुत्राच्या पोशाखात येतो. त्या जाहिरातींत गुलामगिरी हा शब्द नसतोच, तिथे मेस्मेरिझम (संमोहन) शोधावं लागतं.

जाहिरात सापडली म्हणजे प्रयोग झाला, असं नाही. जाहिरात, नंतरचं वृत्त आणि शक्य असेल तर सभागृहाच्या भाड्याची नोंद, अशी तीन खुणांची जुळणी हवी. बरीच गावाकडची वृत्तपत्रं साप्ताहिकं होती. ‘गेल्या मंगळवारी’ असं असेल तर अंकाच्या तारखेवरून मागे मोजा. एका पत्राचं वृत्त दहा पत्रं उचलायची. दहा गावांची कात्रणं म्हणजे दहा प्रयोग नव्हेत. मूळ वृत्त ओळखायचं तर सभागृह, अध्यक्ष, गर्दी असे स्थानिक तपशील कुठल्या पत्रात आहेत ते बघा. नक्कल करणारं पत्र आधी तेच कापतं.

या जुळणीचा नमुना म्हणून मे १८५१ चा ब्रॅडफर्ड-लीड्स प्रयोग घ्या. ब्राउनला ब्रॅडफर्डला सायंकाळी साडेपाचच्या सुमारास खोक्यात बंद केलं, सहाच्या गाडीने लीड्सला पाठवलं, तिथे बँड आणि अमेरिकी झेंड्यांसह शहरातून मिरवणूक निघाली आणि सव्वाआठला सभागृहात झाकण उघडलं. पावणेतीन तास. वेळ, गाडी, मार्ग सगळं वृत्तात आहे, त्यामुळे ताडून पाहता येतं.

जनगणना: इंग्लंडात ३० मार्च १८५१, ७ एप्रिल १८६१ आणि २ एप्रिल १८७१ च्या रात्रीच्या नोंदी. फिरता कलाकार त्या रात्री जिथे मुक्कामाला होता तिथे सापडतो, घरी नव्हे. नावाऐवजी जन्मस्थान अमेरिका, बायको जेन आणि मुलांची नावं यांवरून गाळणी लावा. व्यवसायाच्या रकान्यात ‘व्याख्याता’ही चालेल, नटच असेल असं धरू नका.

लग्न: जेन फ्लॉइडशी, १८५५. जेन कॉर्नवॉलच्या कामगार कुटुंबातली गोरी मुलगी. इंग्लंडात १८३७ पासून विवाहाच्या दाखल्यात दोघांच्या वडिलांची नावं आणि व्यवसाय असतात, त्यामुळे हा दाखला एकटाच दोन घराण्यांचा धागा देतो. ब्राउनच्या शेवटच्या वर्षांपर्यंत पोहोचायला कुटुंबाची ही बाजूच कामी येते. नवऱ्याच्या नावाने वाट बंद झाली की बायको-मुलांच्या नावाने पुढे जायचं.

मेघना स.

एक आक्षेप नोंदवते. स्वतः गुलामीतून सुटून चळवळीचा नेता झालेल्या फ्रेडरिक डग्लसने जाहीरपणे म्हटलं होतं की ब्राउन आणि त्याच्या मित्रांनी एवढा गाजावाजा केला नसता तर दरवर्षी हजारभर बॉक्स ब्राउन सुटले असते. तो मार्ग उघड झाला आणि बंद पडला. आपण त्याच्या कलेचं कौतुक करताना ही किंमत विसरू नये. सॅम्युअल स्मिथने त्याच वर्षी मे महिन्यात आणखी माणसं तशीच पाठवायचा प्रयत्न केला, पकडला गेला आणि साडेसहा वर्षांची शिक्षा झाली.

विंगेतून

मेघनाताई, आक्षेप रास्त आहे आणि तो टाळता येणार नाही. मला दोन गोष्टी वेगळ्या ठेवाव्याशा वाटतात. सुटकेची बातमी पहिल्या आठवड्यांत फुटली ती एकट्या ब्राउनमुळे नव्हे. गुलामगिरीविरोधी मंडळींना ती चळवळीच्या प्रचारासाठी हवीच होती. त्याच वर्षी चार्ल्स स्टर्न्सने त्याचं आत्मकथन स्वतःच्या अलंकारिक भाषेत छापलं, त्यात खोक्याची मापं मुखपृष्ठावरच होती. ब्राउनचा आवाज ऐकायचा असेल तर १८५१ ची मँचेस्टरची आवृत्ती वाचावी, तिथे भाषा साधी आहे आणि घटनांना जागा जास्त आहे.

दुसरी गोष्ट अधिक अवघड आहे. जेम्स स्मिथ त्याच्यासोबत इंग्लंडला आला होता, खोकं मिरवण्यात भागीदार होता. १८५१ मध्ये पैशावरून त्यांचं फाटलं. स्मिथने अमेरिकेला पत्रं पाठवून सांगितलं की नॅन्सी आणि मुलांना विकत घेऊन सोडवण्याची संधी होती आणि ब्राउनने ती घेतली नाही. हा आरोप दुखावलेल्या भागीदाराचा आहे, पण म्हणून खोडून टाकता येत नाही. बायकोच्या ताटातुटीचं दृश्य रोज रात्री मंचावर सांगणारा माणूस आणि हा आरोप, दोन्ही एकत्र ठेवूनच ब्राउनकडे पाहायला हवं. त्याला संत करून टाकला की तो पुन्हा एकदा त्या खोक्याएवढाच उरतो.

चळवळीतल्या प्रतिष्ठितांना त्याचा भडक पोशाख, अंगठ्या, बँडबाजा खटकायचा. त्यांना गंभीर साक्षीदार हवा होता. तो मात्र तिकीट काढून आलेल्या गिरणी कामगारांसाठी खेळ करत होता, आणि तो प्रेक्षक त्याने पंचवीस वर्षं टिकवला. चळवळीच्या नोंदींत तो १८५१ नंतर जवळपास दिसेनासा होतो त्याचं कारण हेच, असं माझं ठाम मत आहे.

कायदेपंडित

वुल्व्हरहॅम्प्टनचा खटला कुणी लिहिला नाही. मार्च १८५२ मध्ये तिथल्या एका वृत्तपत्राने पॅनोरमा अतिरंजित ठरवून ब्राउनच्या बोलण्याची, कपड्यांची, वर्णाची टवाळी केली. परिणाम तिकीटबारीवर झाला. बदनामीच्या दाव्यात अपमानासोबत धंद्याचं नुकसान दाखवलं की दावा भक्कम होतो. ब्राउनकडे गर्दी घटल्याचा पुरावा होता. जुलै १८५२ मध्ये वॉरिकच्या न्यायालयात ज्यूरीने १०० पौंड दिले. तीन वर्षांपूर्वी व्हर्जिनियाच्या कायद्याने जो माणूस स्वतःच कुणाची तरी मालमत्ता होता, त्याने इंग्लंडात आपल्या नावलौकिकाची किंमत कोर्टातून वसूल केली.

दर्यावर्दी

१८५७ च्या आपल्या उठावावरही त्याने पॅनोरमा दाखवला असं कुठेतरी वाचलं. खरं का?

दस्तऐवज

खरं आहे. १८५७ मध्ये त्याने इंग्लंडात ई. जी. बर्टनच्या नाटकांतून भूमिका केल्या. त्यानंतर, १८५८-५९ च्या सुमारास, त्याच्या आणि जेनच्या जाहिरातींत हिंदुस्थानातल्या बंडाचा पॅनोरमा येतो. ब्रिटिश प्रेक्षक तेव्हा कानपूर-लखनौच्या बातम्यांनी पेटलेला होता आणि पॅनोरमावाले त्याच विषयावर तुटून पडले होते. गुलामगिरीवरचा खेळ जुना होत चालल्यावर त्यानेही बाजाराची मागणी पाहिली. आपल्याला हे टोचतं. साम्राज्याच्या बाजूने रंगवलेली आपली लढाई, आणि सांगणारा माणूस बेड्यांतून सुटलेला. पण जाहिरात ही प्रेक्षक खेचण्यासाठी असते. निवेदनात तो काय बोलत होता ते तिच्यावरून ठरवणं बरोबर नाही.

अरुंधती_क

याच काळातल्या दोघी कृष्णवर्णीय कलावतींची नोंद करावीशी वाटते, कारण त्यांच्या कलेची साधनं अगदी वेगळी होती.

एलिझाबेथ टेलर ग्रीनफिल्ड: मिसिसिपीत गुलामीत जन्म, फिलाडेल्फियात वाढ. तीन सप्तकांहून मोठा आवाका, खालचे सूर पुरुषी आवाजासारखे. ३१ मार्च १८५३ ला न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन हॉलमध्ये तिचं गाणं झालं तेव्हा कृष्णवर्णीय प्रेक्षकांनाच प्रवेश नव्हता. नंतर तिने आपल्या लोकांची क्षमा मागून त्यांच्यातल्या गरजूंसाठी वेगळा कार्यक्रम केला. १० मे १८५४ रोजी ती व्हिक्टोरिया राणीसमोर गायली. वृत्तांमध्ये तिच्या सुरांपेक्षा रंगाची वर्णनं जास्त असतात, त्यामुळे तिचा आवाज समजून घ्यायचा तर छापील कार्यक्रमपत्रिकेतल्या गाण्यांची यादी पाहून त्यांच्या पट्ट्या तपासणं हाच भरवशाचा मार्ग.

मेरी वेब: ‘अंकल टॉम्स केबिन’ या गुलामगिरीविरोधी कादंबरीचं नाट्यवाचनासाठीचं रूप तिची लेखिका हॅरिएट बीचर स्टोवने १८५५ मध्ये खास मेरीसाठी तयार केलं. सगळी पात्रं एकटीने, वेशभूषा न बदलता, फक्त आवाजावर. १८५६ मध्ये लंडनच्या स्टॅफर्ड हाउसमध्ये तिचं वाचन झालं. १८५९ मध्ये जमैकात तिचा मृत्यू झाला, वय तिशीच्या आसपास. नाटकाला जाणं पाप मानणाऱ्या धार्मिक कुटुंबांना वाचन चालत असे, म्हणून हा प्रकार निवडला गेला.

विंगेतून

ब्राउनच्या संमोहनाबद्दल थोडं. त्या काळात रंगमंचावर हे ‘इलेक्ट्रो-बायॉलॉजी’ या नावानेही चाले. जस्ताची छोटी चकती, मधे तांब्याचा ठिपका, ती तळहातावर ठेवून स्वयंसेवकाने दहा-पंधरा मिनिटं एकटक बघायचं. चकतीत कसलाही प्रभाव नव्हता. ती चाळणी होती. वीस जण आले की जे चुळबुळ करतात त्यांना परत पाठवायचं, ज्यांचे डोळे जड होतात त्यांना ठेवायचं. मग डोळे उघडता येणार नाहीत, हात सुटणार नाहीत, अशा चढत्या क्रमाने सूचना. पहिली सूचना फसली तर सगळं सभागृह हातातून जातं, म्हणून सर्वांत सोपी सूचना सर्वांत ग्रहणशील माणसाला आधी द्यायची.

यात मला महत्त्वाचं वाटतं ते मंचावरचं चित्र. एक कृष्णवर्णीय माणूस आज्ञा देतो आहे आणि इंग्रज गावकरी, सगळ्या गावासमोर, ती पाळताहेत. गुलामगिरीवर एक शब्दही न बोलता.

सत्यशोधक_वाचक

जोतीरावांनी १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’ अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना अर्पण केली, त्यांनी गुलामांच्या मुक्तीसाठी दाखवलेल्या निःस्वार्थ त्यागाबद्दल. त्या अर्पणपत्रिकेत व्यक्तींची नावं नाहीत. पण ज्यांनी स्वतःचं अंग पणाला लावून ती चळवळ लोकांपुढे उभी केली त्या कलाकारांचा असा तपशील मराठीत यायलाच हवा होता. सर्वांचे आभार.

मेघना स.

आमच्या गटाला यावर दीर्घांक बसवायचा आहे, छोटा पॅनोरमा प्रत्यक्ष फिरवून. मंच २० फुटी. पडदेवाला, मापं सुचवाल का?

पडदेवाला

कापड ६० इंच पन्ह्याचं मांजरपाट, सलग ६० फूट. उंची पन्ह्यातच बसते, त्यामुळे मधे जोड येत नाही. आडवा जोड आला की रुळावर प्रत्येक वेढ्याला उंचवटा दिसतो. वापरण्याआधी धुऊन घ्या, नाहीतर रंग लावल्यावर आटून कड वेडीवाकडी होईल. रूळ म्हणून चार इंची पीव्हीसी पाइप, आत लाकडी गट्टू, खाली बेअरिंग. एवढ्या लांबीला गुंडाळीचा व्यास ११ पासून १५ सेंटीमीटरपर्यंतच वाढतो, साधारण ४४ फेरे लागतात आणि वेगातला फरक हाताने सांभाळता येतो. चौकटीचं तोंड ७ फूट ठेवा.

रंग ॲक्रिलिक, पाणी घालून पातळ, एकच हात. जाड थर उन्हाळ्यात गुंडाळीत एकमेकांना चिकटतो. सुकल्यावर शंखजिऱ्याची पूड हलक्या हाताने फिरवा. सरसाचा रंग कोकण-मुंबईच्या पावसाळ्यात बुरशी धरतो, तो टाळा. वरच्या कडेत नायलॉनची दोरी शिवून चौकटीच्या मागे दोन कप्प्या दिल्या की पोट येणार नाही. दृश्यांच्या मधे एक फूट कोरा पट्टा ठेवा आणि कापडाच्या मागच्या बाजूला खडूने क्रमांक घाला. दांडा फिरवणाऱ्याला समोरचं चित्र दिसत नाही, त्याला मागचा क्रमांकच थांबायची जागा सांगतो.

सुतारपक्षी

आणि खोकं करणार असाल तर प्रेक्षकांच्या विरुद्ध बाजूची फळी काढूनच ठेवा, तिथे काळी जाळी लावा. झाकणाला खरे खिळे नकोत. आतून ढकलता येईल अशी कडी आणि बाहेर नुसती खिळ्यांची डोकी. नट आत असताना विंगेतल्या एका माणसाचं काम फक्त त्याच्याकडे लक्ष ठेवण्याचं असू द्या. आतून दोनदा टकटक ऐकू आली की प्रयोग थांबवून झाकण उघडायचं, हे तालमीच्या पहिल्या दिवशीच ठरवून टाका.